शस्त्रपरवान्याचं पुस्तक हरवलं तर: शेतीसंरक्षणाची बंदूक, कोरा अर्ज आणि जुन्या नोंदी

प्रश्न थोडक्यात असा आहे. कणकवली तालुक्यात गावी राहणाऱ्या ७४ वर्षांच्या वडिलांकडे शेतीसंरक्षणाचा परवाना आहे, एकनळी बारा बोअरची बंदूक. परवाना आजोबांपासून चालत आलेला. झेरॉक्स काढायला तालुक्याला जाताना पिशवी एसटीत राहिली आणि परवान्याचं पुस्तक गेलं. नूतनीकरणाला अजून पाच महिने आहेत. मुलगा ठाण्याला असतो. तो विचारतो: पुस्तक नसताना बंदूक घरात ठेवणं गुन्हा आहे का? मोबाइलमध्ये पहिल्या दोन पानांचे फोटो आहेत, ते चालतील का? दुय्यम प्रत कशी मिळवायची? आणि याच खेपेला परवाना माझ्या नावावर करून घेता येईल का?

माझी नोकरी जिल्हाधिकारी कार्यालयात गेली. शेवटची बरीच वर्षं गृह शाखेत शस्त्रपरवान्यांचं टेबल सांभाळलं. आता लोकांचे अर्ज तपासून देतो, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

पहिलं म्हणजे धास्ती घेऊ नका. शस्त्र अधिनियम १९५९ च्या कलम ३ प्रमाणे बंदूक बाळगायला परवाना लागतो, आणि तुमच्या वडिलांना तो दिलेला आहे. पुस्तक हा त्या परवान्याचा पुरावा. पुस्तक गेलं म्हणून जिल्हादंडाधिकाऱ्यांनी दिलेली परवानगी संपत नाही. मुदत चालू आहे तोवर घरात कुलपात ठेवलेली बंदूक बेकायदा होत नाही. मात्र बंदूक उंबऱ्याबाहेर काढायची नाही. कलम १९ खाली कोणताही पोलीस अधिकारी शस्त्र घेऊन जाणाऱ्याकडे परवाना मागू शकतो. तो जागेवर दाखवता आला नाही तर नाव-पत्ता विचारून शस्त्र जप्त करू शकतो. जप्त झालेली बंदूक सोडवून आणणं म्हणजे काय, ते ज्यांनी केलंय त्यांना विचारा. त्यापेक्षा महिना-दोन महिने माकडांना फटाके वाजवून हाकललेलं परवडलं.

घरी वडील एकटेच असतील, दार बंद करून मुंबईला येणं-जाणं असेल, तर बंदूक सरळ पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक शस्त्रविक्रेत्याकडे जमा करा आणि पोच घ्या. आणि समजा मुदत याच काळात संपली, तर मग पर्याय राहत नाही. कलम २१ प्रमाणे बंदूक विनाविलंब जमा करावीच लागते. म्हणून पाच महिने आहेत या भरवशावर राहू नका.

फोटोंबद्दल. ते परवाना म्हणून अजिबात चालणार नाहीत, पण अर्जासाठी ते सोनं आहेत. आजच्या आज घरातल्या दोघा-तिघांच्या मोबाइलवर पाठवून ठेवा. एक मात्र करू नका. त्या फोटोंची रंगीत प्रिंट काढून पुस्तकासारखी बांधून घ्यायची, असा सल्ला देणारे शहाणे प्रत्येक तालुक्याला असतात. तसली वस्तू खिशात सापडली की हरवलेल्या कागदाचं प्रकरण बनावट दस्तऐवजाचं होतं.

आता काय करायचं ते. आधी एसटीच्या आगारात जाऊन या. वाहकाला सापडलेलं सामान आगारात जमा होतं, आणि अशी पुस्तकं बऱ्याचदा तिथेच कपाटात पडलेली असतात. तिथे नाही मिळालं तर त्याच दिवशी पोलीस ठाणं. गहाळ वस्तूंची नोंद ऑनलाइनही करता येते. सिमकार्ड किंवा ओळखपत्रासाठी ती पुरते. शस्त्रपरवान्यासाठी मात्र वडिलांनी स्वतः ठाण्यात जावं असं माझं मत आहे. पुढे याच ठाण्याकडून अहवाल मागवला जाणार असतो, आणि बीट अंमलदाराला, म्हणजे तुमचं गाव ज्याच्याकडे असतं त्या पोलिसाला, प्रकरण आधीच माहीत असलं की तो कागद टेबलावर लोळत राहत नाही.

ठाण्यातून मिळणाऱ्या गहाळ दाखल्यात काय लिहिलंय ते तिथेच उभं राहून वाचा. ‘महत्त्वाची कागदपत्रे गहाळ’ एवढंच लिहिलेला दाखला निरुपयोगी. शस्त्रपरवान्याचा क्रमांक, युआयएन (परवान्याचा देशभरातला एकमेव क्रमांक), परवानाधारकाचं पूर्ण नाव, कुठे आणि कोणत्या तारखेला हरवला, आणि बंदूक मात्र ताब्यात आहे, एवढं त्यात यायलाच हवं. स्टेशन डायरीचा नोंद क्रमांक आणि वेळ मागून घ्या. पुस्तकाबरोबर काडतुसांची पावती किंवा दुसरं काही गेलं असेल तर तेही लिहवून घ्या. आणि पिशवी राहिली की कोणी पळवली याबद्दल जे खरं असेल तेच सांगा. चोरी असेल तर गुन्हा नोंदवायला लावा, उगीच ‘गहाळ’ म्हणून सोपं करू नका. नंतर त्या पुस्तकाचा गैरवापर झाला तर तुमचा पहिला जबाबच तपासला जातो.

गैरवापर कसला? काडतुसांचा. बंदूक तुमच्या घरात आहे, पण पुस्तकात एका वेळी किती आणि वर्षाला किती काडतुसं घेता येतील ते लिहिलेलं असतं, आणि दुकानदार पुस्तक बघून माल देतो, त्यात नोंद करतो. दुसऱ्याच्या हाती पुस्तक लागलं की वडिलांच्या नावावर काडतुसं उचलली जाऊ शकतात. म्हणूनच कार्यालय दुय्यम प्रतीबाबत एवढं ताणून धरतं. ‘एका पुस्तकासाठी एवढं काय’ म्हणून लोक कारकुनावर चिडतात, त्यांना हे ठाऊक नसतं. वडील जिथून काडतुसं घेतात त्या दुकानदाराला दोन ओळींचं पत्र आणि गहाळ दाखल्याची प्रत द्या. याचा दुसरा फायदा म्हणजे त्याच्या विक्री नोंदवहीत वडिलांच्या मागच्या खरेदीच्या तारखा आणि परवाना क्रमांक मिळतात. ते पुढे लागणार आहे.

आता माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचं. दुय्यम प्रत तुमच्या हरवलेल्या पुस्तकावरून लिहीत नाहीत, ती कार्यालयातल्या नोंदीवरून लिहितात. त्यामुळे प्रकरण अडकतं ते दाखल्यावर किंवा प्रतिज्ञापत्रावर नाही, ते नोंदी न जुळण्यावर अडकतं. पुस्तकात एक, रजिस्टरला दुसरं आणि एनडीएएलच्या (शस्त्रपरवान्यांच्या देशपातळीवरच्या नोंदींच्या) संगणकावर तिसरंच, हा प्रकार जुन्या परवान्यांत सर्रास आहे. वर्षानुवर्षं कोणी ताडून पाहिलेलं नसतं, कारण पुस्तक हातात होतं तोवर कोणाचं अडलं नव्हतं.

तुमच्या जिल्ह्यात तर याला इतिहासच आहे. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ ला रत्नागिरीतून वेगळा झाला. त्याआधीचे कणकवली, मालवण, सावंतवाडीकडचे परवाने रत्नागिरीच्या जिल्हादंडाधिकाऱ्यांनी दिलेले. नोंदवह्या वाटल्या गेल्या, नवीन क्रमांक पडले, काही पानं जुन्या ठिकाणीच राहिली. आजोबांचा परवाना त्या काळातला असेल तर मूळ मंजुरीचा क्रमांक आणि वडिलांच्या नावावर झाल्यानंतरचा क्रमांक वेगवेगळे असणार. पालघर २०१४ मध्ये ठाण्यातून निघाला, पिंपरी-चिंचवडला २०१८ मध्ये स्वतंत्र आयुक्तालय आलं, तिकडच्या परवानाधारकांचंही हेच दुखणं आहे. परवाना एका कार्यालयाचा, दप्तर दुसऱ्याचं.

म्हणून ओरोसला, जिल्हाधिकारी कार्यालयात, जाण्यापूर्वी घरातली पत्र्याची पेटी उघडा. नूतनीकरणाची जुनी चलनं, बंदूक खरेदीची पावती, आजोबांच्या पश्चात नाव लावल्याचा आदेश, आणि निवडणुकीत बंदूक जमा केल्याच्या पोचपावत्या. या शेवटच्या पावत्या लोक निवडणूक संपली की चुलीत घालतात. पण त्यावर पोलीस ठाण्याच्या शिक्क्यासकट बंदुकीचा नंबर आणि परवाना क्रमांक असतो, आणि कोकणात दर निवडणुकीला बंदुका जमा होत आल्यात. एवढा चांगला सरकारी पुरावा दुसरा नाही.

बंदुकीवरचा नंबर स्वतः वाचा, कागदावरून उतरवू नका. आधी नळी मोडून, म्हणजे बिजागरीवर खाली वाकवून उघडून, आत काडतूस नाही ना ते बघा. मग पुढचं लाकूड काढलं की नळीच्या बुडाशी आणि खालच्या लोखंडावर नंबर कोरलेला दिसतो. कोकणातल्या दमट हवेत त्यावर गंज चढतो, वरून तेलाचा थर. फडक्याने पुसून त्यावर पांढरा खडू चोळा आणि आडवा उजेड पाडून मोबाइलने फोटो काढा. ३ आणि ८, १ आणि ७ यांत गफलत होते. नंबरामागचं इंग्रजी अक्षर किंवा नंबरापुढचं साल लिहायचं राहून गेलेलं असतं. कार्यालयाच्या नोंदीत ‘४७१३’ आणि बंदुकीवर ‘४७१८’ निघालं, की दुय्यम प्रतीचा अर्ज तिथल्या तिथे थांबतो आणि आधी नोंद दुरुस्तीचं प्रकरण सुरू होतं. तसं असेल तर ते तुम्हीच अर्जात लिहून द्या. आपण सांगितलेली तफावत दुरुस्त होते. पोलीस पंचनाम्यात सापडलेल्या तफावतीवर खुलासा मागतात.

अर्ज एनडीएएलच्या पोर्टलवर भरायचा आणि त्याची प्रिंट कागदपत्रांसह जिल्हाधिकारी कार्यालयाच्या गृह शाखेत द्यायची. गावाकडच्यांसाठी परवाना प्राधिकारी जिल्हादंडाधिकारी. ठाणे, पुणे, नागपूर अशा आयुक्तालयाच्या हद्दीत असाल तर पोलीस आयुक्तांची परवाना शाखा. युआयएन तुमच्या फोटोत असेल तर अर्धं काम झालं. तो परवान्यावर नव्हताच असं निघालं, तर गोष्ट हरवण्याच्या पलीकडची आहे. युआयएन नसलेला परवाना वैध धरत नाहीत, त्यासाठीची मुदत सरकारने वाढवून वाढवून अखेर बंद केली. अशा वेळी बंदूक जमा करून मगच कार्यालयात जा.

अर्जासोबत गहाळ दाखला, प्रतिज्ञापत्र, ओळख आणि पत्त्याचे पुरावे, फोटो, सातबारा (शेतीसंरक्षणाचं कारण अजून आहे हे दाखवायला), असतील त्या जुन्या प्रती आणि शुल्काचं चलन. प्रतिज्ञापत्रासाठी पाचशेचा मुद्रांक आणा म्हणून कोणी सांगितलं तर ऐकू नका. सरकारी कार्यालयात दाखल करायच्या प्रतिज्ञापत्रांवरचं मुद्रांक शुल्क महाराष्ट्रात १ जुलै २००४ च्या अधिसूचनेने माफ आहे, साधा कागद चालतो. मजकूर मी असा देतो:

‘मी, अमुक अमुक, वय ७४, धंदा शेती, राहणार मौजे अमुक, तालुका कणकवली, सत्यप्रतिज्ञेवर कथन करतो की, माझे नावे असलेला शेतीसंरक्षण शस्त्रपरवाना क्रमांक अमुक, युआयएन अमुक, हा दिनांक अमुक रोजी एसटी बसने कणकवली येथे जात असताना माझेकडून गहाळ झाला. शोध घेऊनही तो मिळून आला नाही. सदर परवाना मी कोणाकडेही गहाण, तारण अथवा वापरास दिलेला नाही. तो कोणत्याही न्यायालयाने, पोलिसांनी अथवा प्राधिकाऱ्याने जप्त, निलंबित वा रद्द केलेला नाही. परवान्यावरील बारा बोअर बंदूक क्रमांक अमुक व अमुक इतकी काडतुसे आजमितीस माझे ताब्यात आहेत. मूळ परवाना सापडल्यास तो मी विनाविलंब कार्यालयात जमा करीन.’

यातलं एकही वाक्य गाळू नका. ‘जप्त, निलंबित वा रद्द नाही’ हे वाक्य असतं कारण परवाना निलंबित झाला की पुस्तक कार्यालयात जमा करावं लागतं, आणि ते टाळायला ‘हरवलं’ म्हणणारे महाभाग आम्ही बघितलेत. काडतुसांचा आकडा अंदाजाने टाकू नका. पेटीतली मोजा, जुनी फुगलेलीसुद्धा. पंचनाम्यात हवालदार तेच मोजणार आहे.

पुढचा प्रवास ठरलेला. गृह शाखा अहवालासाठी पोलीस अधीक्षकांना लिहिते, तिथून पत्र तुमच्या ठाण्यात, ठाण्यातून बीट अंमलदाराकडे. तो घरी येऊन बंदूक बघतो, वडिलांचा आणि एखाद्या शेजाऱ्याचा जबाब घेतो, कधी पोलीस पाटलाकडे विचारतो, आणि मग कागद त्याच वाटेने उलटा वर जातो. याला वेळ लागतो. तुम्ही काय करू शकता, तर प्रत्येक टप्प्याचा जावक क्रमांक विचारून ठेवायचा. ‘अर्जाचं काय झालं’ विचारलं की ‘प्रोसेसमध्ये आहे’ हे उत्तर मिळतं. ‘अमुक जावक क्रमांकाचं पत्र अमुक तारखेला ठाण्यात आलंय, अहवाल गेला का’ असं विचारलं की कारकुनाला फाईल उघडावीच लागते. हे मी खुर्चीच्या पलीकडच्या बाजूने सांगतोय. कार्यालय म्हणालं की जुनी नोंदच सापडत नाही, तर तोंडी वाद घालू नका. माहितीच्या अधिकारात वडिलांच्याच नावच्या नोंदीची आणि नूतनीकरण रजिस्टरच्या पानाची प्रमाणित प्रत मागा, आणि जुना परवाना असेल तर तोच अर्ज रत्नागिरीलाही टाका. लेखी मागितलं की सापडतं, असा अनुभव आहे.

तुमचं गाव फोंडाघाटाच्या अंगाला असेल तर आणखी एक गोष्ट. राधानगरी अभयारण्याच्या हद्दीपासून १० किलोमीटरच्या आत राहणाऱ्या परवानाधारकाची नोंद वन्यजीव संरक्षण अधिनियम १९७२ च्या कलम ३४ खाली वन खात्याकडे लागते. जुन्या पुस्तकात त्याचा शेरा असेल तर दुय्यम प्रतीत तो आपोआप येत नाही, मागून घ्यावा लागतो. आणि विषय निघालाच आहे म्हणून: शेतीसंरक्षणाचा परवाना म्हणजे डुकराला गोळी घालायची परवानगी नव्हे. ती वेगळी असते, वन खात्याची. परवाना हरवला म्हणून ठाण्यात गेलेल्या माणसाने गप्पांच्या ओघात मागच्या पावसाळ्यातला डुक्कर सांगितला आणि नसतं लचांड मागे लावून घेतलं, हे घडलेलं आहे.

ज्यांच्याकडे आत्मसंरक्षणाचं पिस्तूल किंवा रिव्हॉल्व्हर आहे, त्यांना हेच सगळं लागू, फक्त त्यांची गैरसोय मोठी. ते शस्त्र रोज अंगावर असतं. २०१६ च्या शस्त्र नियमांप्रमाणे सार्वजनिक ठिकाणी ते होल्स्टरमध्ये, कपड्याखाली पूर्ण झाकलेलं असावं लागतं. पण झाकलेलं आहे म्हणून कोण विचारणार, हा हिशेब करू नका. मॉलच्या दारात, विमानतळावर, नाकाबंदीत ते उघडं होतंच. गहाळ दाखला खिशात असला तरी तो परवान्याच्या जागी चालत नाही. दुय्यम प्रत येईपर्यंत पिस्तूल जमा, हाच माझा सल्ला, कितीही मोठा माणूस असो.

आता नावावर करण्याचं. नियमांत सोय आहे. परवानाधारक ७० वर्षांचा झाला किंवा शस्त्र २५ वर्षं त्याच्याकडे असलं, तर हयातीतच तो वारसाच्या नावाने परवान्यासाठी अर्ज करू शकतो. वडील त्यात बसतात. पण तुम्ही बसता का हे बघा. तुम्ही ठाण्याला राहता, शेती तुम्ही कसत नाही, आणि शेतीसंरक्षणाच्या परवान्याचं कारणच शेती. गावात राहणारा भाऊ किंवा पुतण्या असेल तर वारसांमध्ये बोलून त्याचा विचार करा. काहीही ठरलं तरी दोन्ही अर्ज एकदम टाकू नका. हस्तांतरणाला मूळ परवाना जोडावा लागतो, तो नाही म्हणून ते थांबतं, आणि हस्तांतरण प्रलंबित म्हणून दुय्यम प्रत थांबते. अशी एकमेकांत पाय अडकलेली प्रकरणं मी नोकरीत भरपूर पाहिली. आधी दुय्यम प्रत, मग नूतनीकरण, मग नाव.

नूतनीकरणाची वाट मात्र दुय्यम प्रतीसाठी अडवू नका. मुदत संपायच्या दोन महिने आधी पुस्तक हातात आलेलं नसलं, तर दुय्यम प्रतीच्या अर्जाची पोच जोडून नूतनीकरणाचा अर्ज देऊन टाका. २०१९ च्या दुरुस्तीनंतर परवाना तीनऐवजी पाच वर्षांचा होतो, त्यामुळे एकदा हे मार्गी लागलं की बरीच वर्षं बघायला नको.

प्रत मिळाली की काउंटरवरच वाचा. ‘दुय्यम प्रत’ असा शेरा असणार, त्याने काही बिघडत नाही. बघायचं ते वैधतेचं क्षेत्र. जुन्या पुस्तकात ‘महाराष्ट्र राज्य’ असलेलं नवीन पुस्तकात ‘सिंधुदुर्ग जिल्हा’ होऊन येतं, आणि बांद्याकडचे लोक दुरुस्तीसाठी बंदूक दुसऱ्या जिल्ह्यात नेताना अडकले की मग लक्षात येतं. काडतुसांची मर्यादा, बंदुकीचा नंबर अक्षरासकट, जन्मतारीख आणि मुदतीची तारीख, एवढं त्या फोटोंशी ताडून घ्या. चूक असेल तर त्याच दिवशी लेखी अर्ज द्या.

आणि उद्या एखाद्या वाहकाने जुनं पुस्तक घरी आणून दिलं, तर ते आठवण म्हणून पेटीत ठेवू नका. ओरोसला नेऊन जमा करा, पोच घ्या, आणि पोलीस ठाण्यातही सापडल्याची नोंद करा. एका परवान्याची दोन चालू पुस्तकं घरात सापडणं हे हरवण्यापेक्षा वाईट. दुकानदाराला दिलेलं पत्रही तेव्हा नव्या प्रतीची झेरॉक्स देऊन बदलून घ्या, नाहीतर पुढच्या पावसाळ्यात वडील काडतुसं आणायला जातील आणि तो, तुमच्याच पत्रावर बोट ठेवून, नाही म्हणेल.